सामुराईचं सोंग आणि वंशावळीचा कागद

सप्टेंबर २०२४ मध्ये ‘शोगुन’ या मालिकेने अमेरिकेतले एमी पुरस्कार अक्षरशः लुटले. एकाच हंगामासाठी १८ पुरस्कार. त्यात तोरानागा या सरदाराची भूमिका करणारे हिरोयुकी सानादा सर्वोत्कृष्ट अभिनेता ठरले. १९८० च्या जुन्या ‘शोगुन’मध्ये हीच भूमिका तोशिरो मिफुने यांनी केली होती. आपल्याकडच्या वसतिगृहांतही सामुराईचं आकर्षण जुनंच आहे. मोबाइलच्या वॉलपेपरवर तलवार, रीलमध्ये ‘बुशिदो’, स्पर्धा परीक्षेच्या टेबलावर चिकटवलेले योद्ध्याच्या शिस्तीचे सात नियम. ही टेबलं आपल्या पोरापोरींचीही आहेत, घरातून पहिल्यांदाच पदवीपर्यंत पोहोचलेल्यांची. ते समजण्यासारखं आहे. ज्याच्या पणजोबाचं नाव कुठल्याच बखरीत नाही, त्याला कुणाचा तरी ताठ कणा उसना घ्यावासा वाटतो.

पण तो कणा नेमका कुणाचा, हे विचारायला हवं. सामुराई हा जपानमधला जन्माने ठरणारा, शेतकऱ्याच्या भातावर जगणारा शस्त्रधारी वर्ग होता. ‘बुशिदो’ नावाचं जे पुस्तक जगभर गाजलं, ते इनाझो नितोबे यांनी १९०० साली इंग्रजीत, परदेशी वाचकांसाठी लिहिलं. तोवर सामुराईंच्या तलवार बाळगण्यावर बंदी येऊन २४ वर्षं झाली होती. आपल्या डोळ्यांसमोर येतो तो सामुराई, म्हणजे ती चाल, ती नजर, म्यानातून पातं निघण्याआधीची ती शांतता, हे सगळं नटांनी घडवलेलं आहे. आणि या नटांचा इतिहास जातीच्या अभ्यासकाने वाचावा असा आहे.

काबुकी रंगभूमीची सुरुवात १६०३ च्या सुमारास क्योतोमध्ये, कामो नदीच्या कोरड्या पात्रात झाली असं मानतात. ओकुनी नावाच्या बाईने तिथे नाच केला. पुढे १६२९ मध्ये बायकांना रंगमंचावरून हाकललं गेलं, ती वेगळी कथा. नदीचं पात्र म्हणजे सारा न लागणारी, कुणाच्याच मालकीची नसलेली जागा. तिथेच मेलेली जनावरं सोलणारे, कातडी कमावणारे लोक राहायचे. त्यांना ‘कावारामोनो’, म्हणजे नदीपात्रातले लोक म्हणत. हाच शब्द नटांनाही चिकटला. ‘नदीपात्रातले भिकारी’ ही नटाला द्यायची शिवी कित्येक पिढ्या टिकली.

तोकुगावा राजवटीत वर सामुराई, मग शेतकरी, कारागीर, व्यापारी, आणि या सगळ्यांच्या बाहेर ‘एता’ आणि ‘हिनिन’. पहिल्या शब्दाच्या लिपीचिन्हांत घाण आहे आणि दुसऱ्याचा अर्थच ‘माणूस नसलेला’. नट या उतरंडीत नेमके कुठे, यावर वाद होता. एदो शहरात आणि आसपासच्या प्रदेशात अस्पृश्यांचा प्रमुख असलेला दान्झाएमोन आपली परवानगी घेतल्याशिवाय खेळ करता येणार नाही, असा हक्क सांगत होता. १७०८ मध्ये हा वाद सरकारदरबारी गेला, दान्झाएमोन हरला आणि बाहुल्यांचे खेळ करणारे व काबुकीवाले त्याच्या अधिकारातून सुटले. नटांनी हा मोठा विजय मानला. त्या निकालाची हकिगत दुसऱ्या इचिकावा दान्जुरोने घरात ठेव्यासारखी जपली, असं सांगतात.

इथे थांबून विचार करा. नट जिंकले ते कशाच्या जोरावर? ‘कुणीच अस्पृश्य नाही’ असं म्हणून नव्हे, ‘आम्ही त्यांच्यातले नाही’ असं म्हणून. बाबासाहेबांनी मांडलेली श्रेणीबद्ध विषमता समजवायला यापेक्षा नेमकं परदेशी उदाहरण मला अजून सापडलेलं नाही. प्रत्येक पायरीला आपल्या खालची पायरी हवी असते.

आणि सुटका तरी कितीशी झाली? १८४० च्या दशकात सरकारने एदोतली नाट्यगृहं उचलून शहराच्या कडेला, आसाकुसाजवळच्या एका वस्तीत नेऊन टाकली. नटांनी त्याच वस्तीत राहायचं, बाहेर पडताना तोंड झाकणारी विणलेली टोपी घालायची, असा हुकूम निघाला. हेच लोक संध्याकाळी रंगमंचावर महापराक्रमी योद्धे होत. नोकरदार सामुराईंनी काबुकीला जाणं शोभत नसे, तरी ते वेश झाकून यायचे. म्हणजे प्रेक्षक आणि नट, दोघांची तोंडं झाकलेली. एकाचं अब्रूसाठी, दुसऱ्याचं हुकमापोटी.

सातव्या दान्जुरोची गोष्ट तर चटका लावणारी आहे. १८४० मध्ये त्याने ‘कांजिन्चो’ हे नाटक आणलं. सामुराई वर्गाने आपलं म्हणून मिरवलेल्या नो नाट्यातून त्याने कथा उचलली. पळून चाललेल्या योशित्सुने या सरदाराला वाचवण्यासाठी त्याचा सेवक बेंकेई नाक्यावरच्या पहारेकऱ्यांसमोर कोरी गुंडाळी उघडतो आणि जणू तिच्यावर देवळाच्या वर्गणीची यादी लिहिलेली आहे अशा थाटात खणखणीत वाचून दाखवतो. दोन वर्षांनी याच नटाला एदोतून हद्दपार केलं गेलं. उधळ्या राहणीचा ठपका होताच, शिवाय त्याने रंगमंचावर खरं चिलखत वापरलं हाही गुन्हा धरला गेला. सोंग चालेल, पण कागदी. खरं चिलखत तुझ्या अंगावर नको. आणि त्या चिलखताला लागणारं कातडं कुणी कमावलेलं असायचं, हे या स्तंभाच्या वाचकांना सांगायला नको.

पुढे १८७१ च्या फर्मानाने एता-हिनिन हे दर्जे कागदावर रद्द झाले. १८८७ मध्ये सम्राट मेइजींनी परराष्ट्रमंत्र्यांच्या घरी पहिल्यांदा काबुकी पाहिलं. नाटक होतं ‘कांजिन्चो’ आणि बेंकेई होता नववा दान्जुरो, हद्दपार झालेल्या सातव्याचा मुलगा. नटाचा दर्जा त्या दिवशी बदलला असं इतिहासकार मानतात. मला त्यात दुसरंही काही दिसतं. एक घराणं वर गेलं आणि शिडी मागे ओढून घेतली गेली. काबुकीतली मोठी नावं बापाकडून मुलाकडे, नाहीतर दत्तकाकडे जात राहिली. नाव नाही तर भूमिका नाही. काल ज्यांना जन्मावरून हिणवलं गेलं, त्यांनी जन्मावरच आपली नवी उतरंड रचली. (आपल्याकडे शास्त्रीय संगीताच्या घराण्यांवर कुणी असा प्रबंध लिहील का?)

त्या उतरंडीशी भांडणारेही होते. १९३१ मध्ये चोजुरो कावारासाकी आणि कानएमोन नाकामुरा यांनी ‘झेन्शिन्झा’ ही मंडळी काढली. घराण्याच्या मक्तेदारीविरुद्ध उभी राहिलेली नटांची मंडळी. १९३७ चा सादाओ यामानाका यांचा ‘माणुसकी आणि कागदी फुगे’ हा चित्रपट त्यांच्याच नटांनी केला. एदोतल्या एका गरीब चाळीत तो सुरू होतो, एका बेकार सामुराईच्या गळफासाने. शेजारी विचारतात, सामुराई असून याने पोटात तलवार का खुपसली नाही? कारण पातं केव्हाच विकलं गेलं होतं, म्यानात बांबूची पट्टी होती. चोजुरो यांनी त्यात दुसरा एक बेकार सामुराई केला आहे. तो रोज बापाच्या ओळखीच्या साहेबाच्या मागे चिठ्ठी घेऊन फिरतो आणि रोज हाकलला जातो. बायको घरी कागदी फुगे करून पोट भरते. ज्यांनी नोकरीसाठी कुणाच्या दाराबाहेर अर्ज घेऊन तास घालवलेत, त्यांना हा सामुराई ‘शोगुन’मधल्या सगळ्या सरदारांपेक्षा जवळचा वाटेल.

रायझो इचिकावा याला वेगळी वाट धरावी लागली. लहानपणी दत्तक गेलेला, काबुकीत मोठ्या भूमिका मिळेनात, १९५४ मध्ये सिनेमात आला आणि नेमुरी क्योशिरोसारख्या भूमिकांमुळे प्रचंड गाजला. १९६९ मध्ये अवघ्या ३७ व्या वर्षी कर्करोगाने गेला.

सिनेमाने दार थोडं उघडलं हे खरं. तोशिरो मिफुने चीनमध्ये छायाचित्रकाराच्या घरात जन्मले, युद्धानंतर कॅमेऱ्यामागे काम मिळेल म्हणून तोहो स्टुडिओत गेले आणि कॅमेऱ्यासमोर उभे राहिले. १९५४ च्या ‘सेव्हन सामुराई’त त्यांनी किकुचियो केला. मला विचाराल तर जगाच्या सिनेमातलं जातीवरचं सर्वांत धारदार पात्र हे आहे. दारू प्यायलेला किकुचियो आपण सामुराई आहोत हे सिद्ध करायला वंशावळीची गुंडाळी काढतो. म्होरक्या वाचतो आणि हसू फुटतं. त्यात दाखवलेला ‘किकुचियो’ १३ वर्षांचा आहे. कागद चोरीचा आहे. आपल्यापैकी ज्यांनी जात पडताळणी समितीच्या दारात आजोबांच्या शाळेचा दाखला शोधत चपला झिजवल्या, त्यांना हे हसू कुठे लागतं ते ठाऊक आहे. आपला कागद खरा असतो, तरी नजर तीच असते.

पुढे गावकऱ्यांनी लपवलेली चिलखतं सापडतात. पळून जाणाऱ्या सामुराईंना मारून मिळवलेली. बाकीचे सामुराई संतापून गप्प होतात, तेव्हा किकुचियो उसळतो. शेतकरी लबाड आहेत, कंजूष आहेत, खुनी आहेत, हे सगळं तो स्वतःच सांगतो. आणि मग विचारतो, त्यांना असं केलं कुणी? गावं जाळणारे, धान्य नेणारे, बायका नासवणारे तुम्हीच ना? त्या क्षणी सगळ्यांना कळतं की हा शेतकऱ्याचा पोर आहे. गुंडाळीवरच्या वयाचा हिशेब केला तर ही गोष्ट १५८६ ची. दोनच वर्षांनी हिदेयोशीने शेतकऱ्यांकडची शस्त्रं काढून घ्यायचा हुकूम काढला आणि शेतकरी व सामुराई यांच्यातली ये-जा बंद होत गेली. किकुचियो त्या फटीतून आत शिरलेल्या शेवटच्यांपैकी आहे.

याच चित्रपटात तात्सुया नाकादाई नावाचा एक नवखा नट काही सेकंद रस्त्यावरून चालत जाताना दिसतो. कुरोसावांना त्याची चाल सामुराईसारखी वाटेना. सकाळपासून दुपारपर्यंत त्याला नुसतं चालायला लावलं, हे नाकादाई नंतर अनेकदा सांगत. जन्मजात मानली जाणारी ऐट अशी शिकावी लागते, घोटावी लागते. रक्तात असती तर तिच्या रक्षणासाठी कायदे कशाला लागले असते, आणि घोड्यावर बसलेल्या दलित नवरदेवावर आजही दगड कशाला पडले असते?

आठ वर्षांनी, १९६२ च्या मासाकी कोबायाशी यांच्या ‘हाराकिरी’त हाच नाकादाई नायक होता. काळ १६३० चा. एका बड्या सरदाराच्या वाड्यावर एक तरुण बेकार सामुराई येतो आणि पोट फाडून मरायला जागा मागतो. खरं तर त्याला थोडे पैसे मिळाले तर हवे असतात. वाड्यावरचे लोक त्याला धडा शिकवायचा म्हणून त्याच्याच बांबूच्या पात्याने मरायला भाग पाडतात. हा निर्णय घेणारा कारभारी साइतो. तो क्रूर दिसत नाही. सभ्य बोलतो, नियम सांगतो, संस्थेच्या प्रतिष्ठेची काळजी करतो. असे लोक आपण विद्यापीठांच्या समित्यांत पाहतो.

हा साइतो केला रेंतारो मिकुनी यांनी. ज्यांनी आपल्याला वाढवलं ते वडील बुराकू समाजातले होते, हे मिकुनी यांनी पुढे जाहीरपणे सांगितलं. बुराकू म्हणजे जुन्या एतांच्या वस्त्या आणि त्यांचे वंशज. त्यांनी या प्रश्नाचे अभ्यासक काझुतेरु ओकीउरा यांच्याबरोबर कला आणि भेदभाव यांवर दीर्घ संवादाचं पुस्तकच केलं. जपानी चित्रसृष्टीत हे सोपं नव्हतं. १८७१ च्या फर्मानानंतरही कुटुंबनोंदींत ‘नवे सामान्यजन’ असा शिक्का मारून लोकांची ओळख राखली गेली. १९७५ मध्ये तर बुराकू वस्त्यांच्या पत्त्यांची गुप्त पुस्तकं कंपन्या विकत घेत असल्याचं उघड झालं. नोकरीला आलेल्या उमेदवाराचं गाव त्यात आहे का, हे पाहायला. पुन्हा कागद. बुराकू मुक्ती चळवळीच्या पुढाकाराने १९८८ मध्ये तोक्योत भेदभावविरोधी आंतरराष्ट्रीय संघटना उभी राहिली आणि २००१ च्या डर्बन परिषदेच्या काळात दलित व बुराकू कार्यकर्ते ‘काम आणि वंश यांवर आधारित भेदभाव’ या एकाच मागणीमागे उभे राहिले, त्यामागे हाच अनुभव होता.

मिकुनींचं मूळ माहीत झाल्यावर मी ‘हाराकिरी’ पुन्हा पाहिला. शेवटी वाड्याची लाज झाकण्यासाठी साइतो खोटी नोंद करायला लावतो. लढाईत मेलेली माणसं आजाराने गेली असं लिहा. विस्कटलेलं पूर्वजांचं चिलखत पुन्हा जागेवर बसवलं जातं. आत कुणीच नाही. ज्या घराला त्या उतरंडीने माणसांत धरलं नाही, त्या घरात वाढलेला माणूस त्या उतरंडीच्या रखवालदाराचा चेहरा आपल्याला इतक्या जवळून दाखवतो. त्याने त्याला राक्षस केलं नाही, हे मला सर्वांत भेदक वाटतं. त्याच्या कपाळावरचा घाम दिसतो.

काहीजण म्हणतील, सामुराई पाहताना एवढा विचार कशाला, मजा घ्या. मजा मीही घेते. पण आपल्या तमाशातही वगातला राजा अनेकदा महार-मांगाच्या घरचा असायचा आणि खेळ संपल्यावर त्याच गावात त्याची पाण्याची जागा वेगळी असायची. टाळ्या मिळणं आणि पंगतीत जागा मिळणं यातलं अंतर आपण जाणतो.

पडद्यावरच्या सामुराईंत शेवटी एक नाव राहतंच. सेइझो फुकुमोतो. १५ व्या वर्षी क्योतोतल्या तोएइ स्टुडिओत आले. तिथे ताऱ्यांना स्वतंत्र खोल्या, बाकीच्यांना एक मोठी खोली. या नटांची ओळखच ‘मोठ्या खोलीतले’. त्यांचं काम नायकाच्या तलवारीने मरणं. कोळंबीसारखं मागे वाकून ते इतकं सुंदर मरत की ‘५० हजार वेळा मेलेला माणूस’ हे नाव पडलं. श्रेयनामावलीत मोठ्या खोलीतल्यांना बहुधा जागा नसे. ‘द लास्ट सामुराई’मध्ये ते नायकाच्या मागे मुकाट चालणारा रखवालदार होते. २०१४ मध्ये ‘उझुमासा लाइमलाइट’ हा मरणाऱ्यांवरचाच चित्रपट आला आणि त्यात फुकुमोतो पहिल्यांदा नायक झाले. माँट्रियलच्या फॅन्टेशिया महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. तेव्हा ते ७१ वर्षांचे होते.