चिडिया रोजा

गेल्या रविवारी आमच्या धाकटीची ‘रोजा रखाई’ झाली. वय वर्षे नऊ. पहिला पूर्ण रोजा, म्हणून नवे कपडे, गळ्यात फुलांचा हार. मगरीबची अजान झाली, तिने खजूर तोंडात टाकला आणि शेजारच्या काकूंसकट सगळे म्हणाले, “आता मोठी झालीस हं!” ती खुलली.

रात्री कुशीत येऊन तिने हळूच विचारले, “अब्बू, आता चिडिया रोजा बंद?”

लहान मुले दुपारपर्यंत उपाशी राहून जेवतात, त्याला आमच्याकडे कौतुकाने चिडिया रोजा म्हणतात. तिला मोठे तर व्हायचे होते, पण चिमणीपण सोडवत नव्हते. मुंजीत मातृभोजनाला आईच्या ताटात जेवणाऱ्या बटूचेही असेच होत असेल.

धर्माने तिला घाई केलेली नाही. रोजा फर्ज होतो तो वयात आल्यावर. ‘सहीह बुखारी’त तर आशुऱ्याच्या रोजाची एक हदीस आहे. पैगंबरसाहेबांच्या काळात लहानग्यांनाही तो रोजा ठेवायला लावत. मूल भुकेने रडू लागले, की इफ्तारपर्यंत त्याच्या हाती लोकरीचे खेळणे देत.

घाई असते आपल्याला. ‘मोठी झालीस’ हे आजचे कौतुक उद्या ‘एवढी मोठी झालीस तरी’ अशी दटावणी होते. मूल मोठे व्हायला कचरते, ते या दटावणीला भिऊन.

मी म्हटले, “हवा तेव्हा ठेव.”

सोमवारी दुपारी ती पोटभर जेवली. शेजारी तिची बाहुलीही जेवायला बसली होती.