एक सागवान, दोन राजे

आमच्या चाळीच्या पुनर्विकासाची बोलणी सुरू झाली, तेव्हा बिल्डरच्या आधी जुन्या लाकडाचा व्यापारी येऊन गेला. त्याने जिन्याच्या कठड्यावर नखाने ओरखडा काढला, तुळईखाली उभे राहून वर पाहिले आणि म्हणाला, "बर्मा साग आहे. शंभर वर्षं झाली असतील, अजून शंभर काढील." लालबाग-परळच्या कितीतरी जुन्या चाळी या ब्रह्मदेशी लाकडावर उभ्या राहिल्या. त्या तुळईखाली आमच्या तीन पिढ्या झोपल्या. पण ती आली कुठून, हा प्रश्न मला कधी पडला नव्हता.

आम्ही मूळचे रत्नागिरीकडचे. लहानपणी गणपतीला गावी गेलो की आजोबा एकदा तरी थिबा पॅलेस दाखवायला नेत. "परमुलखातला राजा होता, इंग्रजांनी इथं आणून ठेवला," एवढीच त्यांची माहिती. डोक्यावरची तुळई आणि रत्नागिरीचा तो कैदी राजा एकाच गोष्टीचे दोन तुकडे आहेत, हे मला फार उशिरा कळले. गोष्टीचा तिसरा तुकडा शेजारच्या सयाममध्ये, म्हणजे आजच्या थायलंडमध्ये आहे, हे त्याहून उशिरा.

१८६३ साली आपल्या मुंबईतच बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन स्थापन झाली. स्कॉटिश वॉलेस बंधूंची ही कंपनी ब्रह्मदेशच्या जंगलातला साग तोडून विकत असे. तोडलेल्या लाकडाचा हिशेब कमी दाखवला, असा ठपका ठेवून १८८५ साली मंडालेच्या दरबाराने तिला सुमारे २३ लाख रुपयांचा दंड केला. त्याच सुमारास थिबाच्या दरबाराची फ्रेंचांशी रेल्वे आणि बँकेविषयी बोलणी चालू होती. इंग्रजांना निमित्त हवेच होते. ऑक्टोबरात निर्वाणीचा खलिता गेला, नोव्हेंबरात फौज निघाली आणि दोन-तीन आठवड्यांत सारे आटोपले. १८८६ च्या १ जानेवारीला ब्रह्मदेश ब्रिटिश साम्राज्यात गेला आणि त्याच वर्षी थिबा रत्नागिरीत आला. तीस वर्षांनी, १९१६ साली, त्याने तिथेच डोळे मिटले.

आता शेजारी पाहा. हीच कंपनी, हाच साग. सयामच्या उत्तर भागातही बॉम्बे बर्माची लाकूडतोड चाले. तिथेही तंटे होत. पण सयामचा राजा चुलालाँगकॉर्न याने १८७४ आणि १८८३ साली ब्रिटिशांशी करार करून असे तंटे न्यायालयात नेण्याची सोय केली आणि त्याच निमित्ताने चिआंग माईकडे बँकॉकचा अंमल घट्ट केला. १८९६ साली त्याने स्वतःचे वनखाते काढले आणि त्याचा पहिला प्रमुख म्हणून नेमला तो हर्बर्ट स्लेड, ब्रह्मदेशच्या जंगलात काम केलेला इंग्रज अधिकारी! चोरावर मोर म्हणतात तो हा.

या राजाची तयारी लवकर सुरू झाली होती. बाप मोंगकूट याने १८५५ साली इंग्रजांशी बाऊरिंग तह केला. आयातीवर फक्त तीन टक्के जकात घेण्याचे बंधन आणि इंग्रज प्रजेवर आपला कायदा न चालवण्याची अट, असा तो मानहानीचाच तह. पण शेजारी चीनवर तोफा डागल्या गेलेल्या त्याने पाहिल्या होत्या. १८६२ साली त्याने मुलांना इंग्रजी शिकवायला ॲना लिओनोवेन्स ही बाई नेमली. पुढे नाटक-सिनेमात गाजलेली ही बाई स्वतःला वेल्सची म्हणवी. प्रत्यक्षात तिचा जन्म आपल्या अहमदनगरचा, आताच्या अहिल्यानगरचा! तिचा शिष्य चुलालाँगकॉर्न १८७२ साली, वयाच्या अठराव्या वर्षी, हिंदुस्थान पाहायला आला. त्या दौऱ्यात तो मुंबईतही आला होता. साम्राज्य कसे चालते, हे त्याने साम्राज्याच्या घरात येऊन पाहिले. थिबाही इथे आला. पण कैदी म्हणून.

लव्हाळ्याचा दृष्टान्त आपल्याकडे पोराटोरांनाही ठाऊक आहे. थायलंडच्या परराष्ट्र धोरणालाही वाऱ्यासरशी वाकणाऱ्या बांबूची उपमा देतात. मला मात्र त्या वाकण्यापेक्षा बांबूच्या मुळांचे महत्त्व अधिक वाटते. चुलालाँगकॉर्नने गुलामगिरी टप्प्याटप्प्याने मोडली, कारभार नव्याने बांधला, सल्लागार घेतले ते वेगवेगळ्या देशांतून. मुख्य सल्लागार बेल्जियन, आरमारात डॅनिश, रेल्वेवर जर्मन, जंगलात इंग्रज. कोणा एकाच्या हाती घराच्या किल्ल्या दिल्या नाहीत. आपल्या दुसऱ्या बाजीरावाने १८०२ साली वसईचा तह करून इंग्रजांची तैनाती फौज घेतली आणि सोळा वर्षांत पेशवाई संपली. वाकणारा पुन्हा उभा राहू शकतो. एकाच भिंतीला टेकलेला भिंतीबरोबर जातो.

हे सगळे फुकट झाले नाही. १८९३ साली फ्रेंच गनबोटी थेट बँकॉकपर्यंत घुसल्या आणि मेकाँग नदीचा पूर्वकाठ सोडावा लागला. १९०७ साली बट्टंबांग आणि सिएम रीप गेले. १९०९ साली केडा, केलंतान, त्रेंगानू आणि पर्लिस इंग्रजांना द्यावे लागले. त्या मुलखातल्या माणसांना कोणी विचारले नाही. थिबालाही निव्वळ मूर्ख ठरवणे अन्यायाचे होईल. तो गादीवर बसला त्याआधीच ब्रह्मदेशाचा सारा किनारा इंग्रजांकडे गेला होता. फ्रेंचांची मदत मागण्यात त्याचे काय चुकले? सयामनेही दोन बलाढ्यांना समोरासमोर ठेवलेच होते. फरक एवढाच, की एकीकडे इंग्रज आणि दुसरीकडे फ्रेंच यांच्या मधे एक मोकळी पट्टी असणे दोघांनाही सोयीचे होते. १८९६ साली त्यांनी तसे आपसात मान्यही केले. नशिबाचा वाटा नाकारून इतिहास लिहिता येत नाही. पण नशीब दारात आले तेव्हा सयामच्या घरात हिशेबाच्या वह्या नीट लावलेल्या होत्या.

पुढेही तोच पवित्रा. डिसेंबर १९४१ मध्ये जपानी फौजा उतरल्या, तेव्हा काही तासांत लढाई थांबवून थायलंडने जपानशी मैत्री केली आणि जानेवारी १९४२ मध्ये इंग्लंड-अमेरिकेविरुद्ध युद्ध पुकारले. वॉशिंग्टनमधला त्यांचा वकील सेनी प्रामोज याने मात्र ते पत्र अमेरिकेला दिलेच नाही. त्याने 'फ्री थाई' चळवळ उभारली, आणि युद्ध संपताच देश जिंकलेल्यांच्या पंक्तीजवळ जाऊन बसला. व्हिएतनाम युद्धात अमेरिकेला तळ दिले; वारे फिरताच १९७५ साली चीनशी संबंध जोडले आणि पुढच्या वर्षी ते तळ बंद झाले. याला चातुर्य म्हणावे की संधिसाधूपणा? दोन्ही म्हणता येईल. सहा लाख फौजेचा शेजारी दारात उभा नसलेल्याने याचा निकाल फार घाईने देऊ नये.

हे मी का सांगतो आहे? कारण लालबागला ताठ उभे राहणे ठाऊक आहे. १९८२ चा संप आमच्या घरानेही पाहिला. अडीच लाख कामगार उभे राहिले, मोडले. त्यांचा मला अभिमान आहे. पण त्या ताठपणाची किंमत कोणी मोजली, तेही मी पाहिले आहे. आता चाळीच्या बैठकीत पुन्हा दोन तट आहेत. तात्या म्हणतात, "सही करायची नाही म्हणजे नाही!" तरुण पोरे म्हणतात, "जो जास्त देतो त्याला देऊन मोकळे व्हा."

गेल्या रविवारी मी एवढेच सुचवले, की आधी आपले भाडेकरूंचे कागद, क्षेत्रफळाची मोजणी आणि वारसांची नावे एका वहीत लावू. एकाऐवजी तीन बिल्डर बोलवू. आणि काय सोडायचे, काय मरेपर्यंत सोडायचे नाही, हे आपसात आधी ठरवू. तात्या बराच वेळ गप्प होते. मग वर तुळईकडे बघत म्हणाले, "वही मी लिहितो. पण हे लाकूड कुणाचं, ते पहिल्या पानावर लिहायचं."