अर्ध्या शहाण्याचे कागद

पेशवाईतल्या साडेतीन शहाण्यांची गणती मराठी घरातल्या मुलाच्या कानावर कधी ना कधी पडतेच. सखारामबापू बोकील, देवाजीपंत चोरघडे आणि विठ्ठल सुंदर हे तीन पूर्ण, आणि नाना फडणवीस अर्धे. अर्धे का, याचं उत्तरही सोबतच मिळतं. पहिले तिघे मसलतीत तसे तलवारीतही पुढे, नानांनी मात्र रणांगण गाजवलं नाही. हा हिशेब मला कधीच पटला नाही. युद्धाचा इतिहास वाचताना आपण जी मोठी जागा रिकामी सोडतो, ती मला या अर्ध्यात दिसते. आपण लढाई वाचतो आणि तहापाशी पुस्तक मिटतो. कोणत्या खिंडीत कोण पडलं हे तोंडपाठ असतं. कागदावर सही कोणी केली आणि ती करायचा त्याला अधिकार होता का, हे कोणी विचारत नाही.

मी मावळातली. आयुष्य तळेगावात गेलं आणि त्यातली बरीच वर्षं एका सार्वजनिक ग्रंथालयात, देवघेवीच्या टेबलामागे. इतिहास म्हणून मागितली जाणारी पुस्तकं ठरलेली असत. पानिपत, पावनखिंड, संताजी-धनाजी. वाचक ती जीव ओतून वाचत, पुस्तक परत करताना डोळे ओले झालेली माणसं मी पाहिली आहेत, आणि त्या ओलाव्याबद्दल मला आदरच आहे. पण वासुदेवशास्त्री खरे यांच्या ‘ऐतिहासिक लेखसंग्रहा’चे खंड कपाटातून क्वचितच बाहेर येत. मिरजेच्या शाळेत संस्कृत शिकवणाऱ्या या माणसाने पटवर्धन सरदारांच्या दप्तरातली पत्रं वाचली, लावली, टिपा लिहून छापली. त्या पत्रांत लढाई आहेच, पण तिच्या मागची-पुढची बोलणी, पैशाची ओढाताण, कोण कोणाकडे फुटेल याची धास्ती, वकिलांनी धाडलेल्या खबरा, हे सगळं आहे. युद्ध खरोखर कसं चालतं ते तिथे कळतं.

आमच्याच गावाचं उदाहरण घेते. १७७९ च्या जानेवारीत रघुनाथरावांना गादीवर बसवायला निघालेली मुंबईकर इंग्रजांची फौज बोरघाट चढून मावळात उतरली. सुमारे ३,९०० माणसं आणि त्यांचं सामान ओढणारे १९,००० बैल. हा लवाजमा दिवसाला मैलभरही धड सरकत नव्हता. मराठ्यांनी समोरासमोर गाठण्याऐवजी त्यांची रसद तोडली, वाटेवरची दाणावैरण जाळली. तळेगावही जाळलं गेलं, आणि वेळ आलीच तर पुणं जाळायची तयारी होती. ते जळालेलं धान्य आमच्या गावच्या कुणब्यांचं होतं. विजयाच्या कथेत त्यांचा उल्लेख नसतो, म्हणून इथे केला.

पुढचं पुष्कळांना माहीत आहे. पुणं अठरा मैलांवर असताना इंग्रजांचा धीर सुटला. ११ जानेवारीच्या रात्री जड तोफा तळेगावच्या तळ्यात ढकलून ते मागे फिरले, वडगावपाशी वेढले गेले, आणि १६ जानेवारीला त्यांनी करार लिहून दिला. आदल्या आठवड्यात कार्ल्याजवळ पडलेला त्यांचा कॅप्टन स्टुअर्ट आमच्याकडे ‘इष्टुर फाकडा’ झाला. शत्रूच्या शौर्याला अशी दाद देणं हा मावळ्याचा मोठेपणा आहे. वडगावात महादजी शिंद्यांचं स्मारक आहे. अभिमान वाटावा असंच ते सगळं आहे.

आता कागद वाचू या. वडगावच्या करारात इंग्रजांनी काय कबूल केलं? १७७३ पासून बळकावलेला सगळा मुलूख परत, म्हणजे साष्टीसुद्धा. बंगालहून कर्नल गॉडर्डची जी फौज येत होती तिला परत फिरवायचं. शिंद्यांना भडोच. आणि करार पाळला जाईपर्यंत फार्मर आणि लेफ्टनंट स्टुअर्ट हे दोघे ओलीस. कागदावर याहून मोठा विजय कोणता असणार? पण बोलणी करायला आलेल्या फार्मरने सुरुवातीलाच सांगितलं होतं की कलकत्त्याच्या मंजुरीवाचून तह करण्याचा अधिकार आम्हाला नाही. मराठ्यांनी सही घेतलीच. इंग्रजांची फौज घाट उतरून सुखरूप झाली मात्र, गॉडर्डला थांबवण्याचा हुकूम त्यांनी मागे घेतला. मुंबईने करार नाकारला, वॉरन हेस्टिंग्जने नाकारला. मोहिमेचे प्रमुख कार्नाक आणि एगर्टन यांना कंपनीने नोकरीतून काढलं. फेब्रुवारी संपायच्या आत गॉडर्ड सुरतेत दाखल झाला. पुढच्या वर्षी फेब्रुवारीत त्याने अहमदाबाद घेतलं, डिसेंबरात वसई. म्हणजे वडगावच्या शरणागतीनंतर दोन वर्षांच्या आत चिमाजीअप्पांची वसई इंग्रजांकडे गेली होती.

एकच गोष्ट त्यांनी नाकारली नाही, आणि माझ्या मते या सगळ्या प्रकरणात वाचण्यासारखं काही असेल तर ते हेच. पेशव्यांना दिलेली सगळी वचनं हेस्टिंग्जने झुगारली, पण शिंद्यांना कबूल केलेल्या भडोचबद्दल त्याने सौम्य सूर लावला. तीन वर्षांनी झालेल्या तहात भडोच खरोखरच महादजींना मिळालं, वडगावात इंग्रज सैनिकांशी माणुसकीने वागल्याबद्दल. एकाच कागदातली पुण्याची कलमं फाडायची आणि शिंद्यांचं कलम जपायचं! ऑक्टोबर १७८१ मध्ये कर्नल म्यूरने महादजींशी वेगळा तह केला, आणि तोवर इंग्रजांचा शत्रू असलेला सरदार त्यांच्या आणि पेशव्यांच्या मधला मध्यस्थ झाला. महादजींना मी दोष देत नाही. इंग्रजांच्या पोपमने ग्वाल्हेरचा किल्ला घेतला होता, माळव्यातला त्यांचा मुलूख तुडवला जात होता, आणि पुण्याहून कुमक येणार नव्हती. पण पुढे १८०२ साली वसईच्या तहाने पेशवा एकटा इंग्रजांच्या छायेत गेला, आणि १८०३ मध्ये शिंदे व भोसले एकत्र लढूनही वेगवेगळ्या तहांवर सह्या करून बसले, तेव्हाची फट कुठून दिसू लागते हे या भडोचच्या कलमावर बोट ठेवून दाखवता येतं. नुसतं वडगावचं रणमैदान वाचणाऱ्याला ती फट दिसत नाही. त्याला फक्त जय दिसतो, आणि मग चोवीस वर्षांनी आलेला पराजय आकाशातून पडल्यासारखा वाटतो.

या मधल्या काळात तो अर्धा शहाणा काय करत होता? १७८० मध्ये नानांनी हैदरअली, निजाम आणि नागपूरकर भोसले यांना एका मसलतीत आणलं. चौघांपैकी कोणाचा कोणावर विश्वास नव्हता. हैदराशी तर मराठे वर्षानुवर्षं लढत आले होते. तरी त्या जुलैत हैदर कर्नाटकात उतरला, सप्टेंबरात पोल्लिलूरला त्याने इंग्रजांच्या बेलीची फौज बुडवली, आणि मद्रासपासून कलकत्त्यापर्यंत इंग्रजांना दोन आघाड्यांवर पैसा आणि माणसं पुरवण्याची पाळी आली. १७८१ च्या वसंतात गॉडर्ड बोरघाटाच्या माथ्यावर येऊनही पुण्याकडे सरकू शकला नाही, मार खात कोकणात परतला. पुणं वाचलं त्याचं श्रेय घाटात लढलेल्या हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धनांच्या शिलेदारांचं आहे आणि अर्काटच्या मैदानातल्या हैदराच्या स्वारांचंही आहे. दुसरं श्रेय मराठी पुस्तकांत फार बारीक अक्षरात असतं.

१७ मे १७८२ रोजी ग्वाल्हेरजवळ सालबाईच्या छावणीत तह झाला. इंग्रजांकडून डेव्हिड अँडरसन, पेशव्यांच्या वतीने महादजी. वसईसह, पुरंदरच्या तहानंतर घेतलेला मुलूख परत. रघुनाथरावांचा पक्ष इंग्रजांनी सोडायचा आणि त्यांना दरमहा २५,००० रुपयांची नेमणूक. पोर्तुगीज वगळता दुसऱ्या युरोपियनांना मराठ्यांनी आपल्या मुलखात वखारी घालू द्यायच्या नाहीत. साष्टी मात्र इंग्रजांकडेच राहिली, म्हणजे ज्या बेटासाठी मुंबईकरांनी हे सगळं आरंभलं ते त्यांनी सोडलं नाही. आणि हैदराने अर्काटचा जिंकलेला मुलूख सहा महिन्यांत परत करावा, याची हमी पेशव्यांनी घ्यायची! जो मित्र आपल्यासाठी लढतो आहे त्याच्या गैरहजेरीत त्याचा मुलूख देऊन टाकणारं हे कलम आहे. हेस्टिंग्जने जूनमध्येच मंजुरी दिली. नानांनी महिनोन्महिने कागद अडवून धरला. हैदर जिवंत होता, लढत होता, आणि इंग्रजांकडून साष्टी सोडवता आली तर नानांना हवी होती. डिसेंबरात हैदर वारला. फेब्रुवारी १७८३ मध्ये मंजुरीच्या कागदांची अदलाबदल झाली.

याला धोरण म्हणायचं की दगा? माझं मत सांगते. पुण्याच्या बाजूने पाहिलं तर एवढी मोठी लढाई थांबवून पेशवाईला वीस वर्षांची उसंत मिळवून देणारा हा तह होता आणि नानांच्या सहनशक्तीची ती कमाई होती. श्रीरंगपट्टणच्या बाजूने पाहिलं तर वचन मोडलं गेलं, आणि टिपूने पुढे मराठ्यांवर भरवसा ठेवला नाही यात त्याचं काही चुकलं असं मला वाटत नाही. दोन्ही वाक्यं खरी आहेत. आपल्या माणसाने केलं म्हणून दुसरं वाक्य गाळायचं, ही सवय मला फार खुपते. तीच सवय आपण आजच्या बातम्या वाचतानाही सोडत नाही.

मराठी वाचकाला दुसऱ्या बाजूचे कागद वाचायची परंपरा नाही असं मात्र कोणी म्हणू नये. ग्रँट डफचा इतिहास १८२६ मध्ये आला. १८६० च्या दशकात नीळकंठ जनार्दन कीर्तने या कॉलेजात शिकणाऱ्या तरुणाने तो बारकाईने वाचून त्यातल्या चुका मराठीत दाखवल्या. पुढे सरदेसाई आणि जदुनाथ सरकार यांनी पुण्याच्या इंग्रज रेसिडेन्सीचा पत्रव्यवहार संपादून छापला. १७८६ पासून इंग्रजांचा रेसिडेंट मॅलेट पुण्यात राहून दरबारातल्या हालचाली वरचेवर कळवत होता. कोण आजारी आहे, कोणाचं कोणाशी बिनसलं, फौजेचा पगार किती थकला. आपल्याकडूनही कलकत्त्याला वकील असे, पण लंडनमध्ये कोणी नव्हतं. लंडनला गेलेले मराठी वकील रघुनाथरावांचे, १७८१ सालचे. हणमंतराव नावाचा तो ब्राह्मण आणि सोबतचे पारशी यांना तिथे एडमंड बर्कने आपल्या घरी आश्रय दिला, सोवळ्यात स्वयंपाक करता यावा म्हणून जागा करून दिली. ज्या पक्षाचा खेळ संपत आला होता त्याने माणूस पाठवला, आणि राज्य चालवणाऱ्यांनी नाही. कंपनीचे मालक कोण, तिच्यावर पार्लमेंटचा ताबा किती, हेस्टिंग्जचे शत्रू कोण, हे पुण्याला स्वतःच्या माणसाच्या डोळ्यांनी कधी दिसलं नाही. लढाईत कमी पडलो यापेक्षा ही उणीव मला मोठी वाटते.

हे दोनशे वर्षांपूर्वीचंच आहे असंही नाही. १९६५ च्या ऑगस्टमध्ये आपल्या जवानांनी हाजी पीर खिंड घेतली, ते आमच्या पिढीला शाळेपासून ठाऊक. १० जानेवारी १९६६ च्या ताश्कंद करारानुसार ती परत दिली, आणि शास्त्रीजींबरोबर ताश्कंदला गेलेल्यांत आपले यशवंतराव चव्हाण होते. संरक्षणमंत्री म्हणून त्या युद्धाच्या दिवसांत ते रोजनिशी लिहीत. पुढे त्यांचे सचिव राम प्रधान यांनी तिच्या आधारे पुस्तक सिद्ध केलं. खिंड परत का द्यावी लागली यावर आपल्याकडे त्वेषाने बोलणारे खूप भेटतात. त्या त्वेषाला कारण आहे, जवान गेले होते. पण ते पुस्तक आणि कराराचा मजकूर शेजारी ठेवून बसलेला वाचक मला ग्रंथालयात फारसा भेटला नाही.

आज घरोघरच्या पडद्यावर परक्या देशांतली युद्धं दिसतात. नकाशे लाल होतात, क्षेपणास्त्रांची नावं मुलांना पाठ होतात. युद्धबंदीची बातमी आली की चर्चा संपते, जणू काही आता पाहण्यासारखं उरलं नाही. मला तेव्हाच वाचायला बसावंसं वाटतं. सही कोणी केली? त्याच्यावर कोणाची मंजुरी लागते? जो लढला पण खोलीत नव्हता, त्याच्या वाट्याचं काय लिहिलं? ओलीस कोण? कोणत्या एका पक्षाला गुपचूप भडोच मिळालं?

आमच्या तालुक्यातल्या लोकांकडे माझं एक मागणं आहे. वडगावच्या विजयाचं स्मरण जरूर व्हावं, पोवाडे व्हावेत. त्याच वेळी स्मारकापाशी दोन फलक लावावेत, एकावर वडगावच्या कराराची कलमं आणि दुसऱ्यावर सालबाईची, साध्या मराठीत, शाळकरी मुलाला उभ्या उभ्या वाचता येतील अशी. साष्टीचं कलम गाळू नये, हैदराचंही गाळू नये. खर्च फार नाही. मजकूर तयार करून द्यायची जबाबदारी मी आनंदाने घेईन, आणि तो तपासून द्यायला पुण्यातले अभ्यासक नाही म्हणणार नाहीत.