सव्वा तासात म्हैसूर, पण मधली गावं कुठे गेली?

"मद्दूर आलं की उठव गं मला. वडा खायचाय."

गाडीत बसल्या बसल्या आईने मला बजावून ठेवलं होतं. गेल्या महिन्यात आई-बाबा कुडाळहून पहिल्यांदाच माझ्याकडे बंगळुरूला आले. शनिवारी आम्ही टॅक्सी करून म्हैसूरला निघालो. आईच्या भिशीतल्या मैत्रिणीने तिला सांगितलं होतं, की म्हैसूरच्या वाटेवर मद्दूरचा वडा खाल्ला नाही तर सहल फुकट.

बंगळुरूची गर्दी संपली आणि गाडी एक्स्प्रेसवेवर चढली. मग काय, ना सिग्नल, ना बाजार, ना रस्त्यात गुरं. दोन्ही बाजूंना कुंपण आणि मधोमध सरळसोट रस्ता. आईचा डोळा लागला, माझाही लागला. आईला जाग आली तेव्हा तिने ड्रायव्हरदादांना विचारलं, "भैया, मद्दूर कब आयेगा?"

दादा हसले. मद्दूर मागे गेलं होतं. त्याच्यापुढचं मंड्याही गेलं होतं.

आई थोडा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "म्हणजे आमच्या सावंतवाडीसारखंच झालं की!"

रस्ता तोच, पण गावं बाजूला

बंगळुरू-म्हैसूर रस्ता म्हणजे पूर्वीचा राज्य महामार्ग क्रमांक १७. बिडदी, रामनगर, चन्नपट्टण, मद्दूर, मंड्या, श्रीरंगपट्टण अशी गावं ओवत तो म्हैसूरला पोचायचा. प्रत्येक गावात गाडी हळू व्हायचीच. हळू झाली की कुणाला तरी भूक लागायची, कुणाला तरी खेळणं दिसायचं. या गावांचा अर्धा धंदा त्या 'हळू' होण्यावरच चालायचा.

पुढे या रस्त्याला राष्ट्रीय महामार्ग २७५ हा क्रमांक मिळाला. १२ मार्च २०२३ रोजी सुमारे ११८ किलोमीटरच्या एक्स्प्रेसवेचं उद्घाटन झालं. खर्च साधारण ८,४८० कोटी रुपये. तीन तासांचा प्रवास ७५ मिनिटांवर येईल, असं सांगण्यात आलं. त्यासाठी मोठ्या गावांना बाहेरून वळसा घालणारे बायपास बांधले.

आता खरं सांगायचं तर मी या रस्त्याच्या विरोधात नाही. शनिवार-रविवारी जुन्या रस्त्यावर लोक तासन् तास अडकायचे. अँब्युलन्समधला पेशंट असो की परीक्षेला निघालेला मुलगा, त्यांच्यासाठी वाचलेला एक तास फार मोठा असतो. पण नवा रस्ता आला म्हणून सगळे प्रश्न सुटले, असंही नाही. सुरुवातीच्या महिन्यांत वेगामुळे इतके अपघात झाले, की १ ऑगस्ट २०२३ पासून दुचाकी, रिक्षा आणि ट्रॅक्टर यांना मुख्य मार्गिकांवर बंदी घालावी लागली. आणि जुन्या रस्त्यावरच्या दुकानदारांचं गिऱ्हाईक एका झटक्यात वरच्या वर निघून जाऊ लागलं.

आईला हे कुणी समजावून सांगायची गरजच नव्हती.

परतीचा प्रवास, जुन्या वाटेने

म्हैसूरला राजवाडा पाहून झाला. रात्री बाबांनी जाहीर केलं, "उद्या टॅक्सी नको. गावांतून जाणाऱ्या बसने जाऊ, उतरत उतरत." बाबांची पाठ दुखते म्हणून मी जरा कुरकुर केली, पण माझं ऐकतंय कोण!

पहिला मुक्काम श्रीरंगपट्टण. कावेरीच्या दोन फाट्यांच्या मधलं बेट, त्यावर टिपू सुलतानाचा किल्ला आणि रंगनाथस्वामींचं मंदिर. शाळेत आपण टिपू आणि इंग्रज एवढंच वाचतो. पण १७९२ मध्ये या किल्ल्याबाहेर इंग्रज आणि निजामाच्या बरोबरीने मराठ्यांच्याही फौजा होत्या. हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धन त्यांचे सेनापती. त्या तहात टिपूला निम्मं राज्य सोडावं लागलं. बाबा तटाजवळ बराच वेळ उभे होते. म्हणाले, "एवढ्या लांब आपली माणसं घोड्यावरून आली, आणि मी बसमध्ये पाठ दुखते म्हणतोय!"

मंड्याला आम्ही उतरलो नाही, पण खिडकीतून ऊस दिसत राहिला. इथला साखर कारखाना १९३३ सालचा. ऊस, गूळ, साखर, सगळंच कोल्हापूरची आठवण करून देणारं.

आणि मग मद्दूर! हा वडा आपल्या बटाटेवड्याच्या नात्यातला नाही बरं का. तांदळाचं पीठ, रवा आणि मैदा, त्यात भरपूर कांदा, हिरवी मिरची, कढीपत्ता. पीठ घट्ट मळून, चपटं थापून तळायचं. हा वडा मद्दूरच्या रेल्वे स्टेशनवर जन्माला आला, असं म्हणतात. दोन दिवस टिकतो, म्हणून प्रवासाला एकदम बरा. आईने एक खाल्ला, मग दुसरा घेतला आणि म्हणाली, "घरी करून बघेन. मैदा कमी घालीन." आईने पाककृतीत बदल सुचवला की समजायचं, पदार्थ पास झाला.

चन्नपट्टणात आई थांबली

चन्नपट्टण म्हणजे लाकडी खेळण्यांचं गाव. इथल्या खेळण्यांना जीआय मानांकन आहे. काळ्या कुड्याचं हलकं, पांढरट लाकूड कातायचं आणि ते फिरत असतानाच त्यावर रंगीत लाखेची कांडी टेकवायची. घर्षणाने लाख वितळते आणि लाकडावर बसते. मग केवड्याच्या पानाने घासलं की चकाकी येते.

आईचं माहेर सावंतवाडीचं, चितारआळीजवळ. तिथेही लाकडी खेळणी आणि लाकडी फळं होतात. मुंबई-गोवा महामार्ग झाराप-पत्रादेवी बायपासवरून जायला लागला, तेव्हा गोव्याला जाणाऱ्या गाड्या गावात शिरेनाशा झाल्या. माझ्या मामाचं तिथे छोटंसं दुकान होतं. ते एका दिवसात बंद पडलं नाही. आधी मदतीला ठेवलेला मुलगा गेला, मग नवा माल भरणं कमी झालं, मग दुपारी शटर अर्धं खाली येऊ लागलं. शेवटी मामाने जागा भाड्याने दिली.

हे सगळं मला घरी कधी कुणी नीट सांगितलं नव्हतं. चन्नपट्टणातल्या एका दुकानात, हातात लाकडी भोवरा धरून, आईने ते सांगितलं. दुकानदारकाकांना मराठी येत नव्हतं, आईला कन्नड. तरी "बायपास" हा एक शब्द दोघांनाही कळला. काकांनी रस्त्याकडे हात दाखवून नुसती मान हलवली. आईनेही हलवली.

तिने एक सोडून पाच खेळणी घेतली. घरात लहान मूल एकही नाही.

रामनगर आणि बिडदी

रामनगरला उतरायला वेळ उरला नाही. ज्यांना 'शोले'तलं रामगढ बघायचंय, त्यांनी इथल्या खडकाळ टेकड्या पाहाव्यात. सिनेमाचं बरंचसं शूटिंग इथेच झालं. रेशीमकोषांचा इथला बाजारही मोठा प्रसिद्ध आहे. एक गंमत सांगते. या गावाचं जुनं नाव क्लोजपेट, बॅरी क्लोज या इंग्रज अधिकाऱ्यावरून पडलेलं. हेच क्लोजसाहेब पुढे पुण्याला रेसिडेंट झाले आणि ३१ डिसेंबर १८०२ ला दुसऱ्या बाजीरावाबरोबर वसईचा तह त्यांनीच केला!

बिडदीला ताटलीएवढी तट्टे इडली खाल्ली आणि अंधार पडल्यावर घरी पोचलो. सव्वा तासाच्या रस्त्याला आम्हाला अख्खा दिवस लागला.

तुम्ही जाणार असाल तर

• जाताना एक्स्प्रेसवे, येताना जुना रस्ता, असं करून बघा. लहान मुलं आणि आजी-आजोबा सोबत असतील तर दोनच गावं निवडा.

• स्वतःची गाडी असेल तर कुठल्या गावासाठी कुठे बाहेर पडायचं, ते निघण्याआधीच बघून ठेवा. एकदा फाटा चुकला की गाव मागे गेलंच!

• गाडी नसेल तर बस आहेच. शिवाय म्हैसूरची रेल्वेलाइनही याच गावांवरून जाते.

• चन्नपट्टणात बाळासाठी खेळणं घेताना ते लाखेच्या रंगाचं आहे ना, हे विचारून घ्या.

आई-बाबा कुडाळला परतले. परवा आईचा फोन आला. त्या पाच खेळण्यांपैकी भोवरा तिने मामाला नेऊन दिला. मामाने तो हातात फिरवून फिरवून बघितला, लाख कशी चढवतात ते विचारलं आणि म्हणाला, "पुढच्या खेपेला मलाही न्या."

म्हणजे आता पुन्हा एकदा जुन्या रस्त्याने जायचंय. या वेळी रामनगरलाही उतरू.

तुमच्या नेहमीच्या प्रवासातलं कुठलं गाव बायपासच्या पलीकडे राहिलं? तिथे काय खायचात, कुणाकडे थांबायचात? मला नक्की कळवा. आणि पुढच्या वेळी दहा मिनिटं हाताशी असतील, तर गाडी जरा आत वळवून बघा.