अधांतरी दार

१/ रोमच्या फोरममधील अँटोनिनस-फॉस्टिना मंदिराच्या स्तंभांमागे एका चर्चचे दार आहे. ते जमिनीपासून कित्येक मीटर उंचावर, अधांतरी दिसते.

२/ दार बसवले तेव्हा जमीनच त्या उंचीवर होती. गाळाने व ढिगाऱ्याने फोरम बुजला होता. तिथे गुरे चरत. लोक त्याला ‘काम्पो वाच्चिनो’, म्हणजे गुरांचे माळ, म्हणत. एकोणिसाव्या शतकातील उत्खननांनी ती जमीन उपसली.

३/ १८९९ मध्ये जाकोमो बोनी यांना ‘लापिस नायजर’ ही काळी फरसबंदी आणि तिच्याखाली अतिप्राचीन लॅटिन शिलालेख सापडला. फोरमचा इतिहास सम्राटांच्या कितीतरी मागे गेला. पण थरांची नोंद ठेवून खणणाऱ्या याच बोनींच्या काळात, १९०० मध्ये, खालचे ‘सांता मारिया अँटिक्वा’ मोकळे करण्यासाठी वरचे सतराव्या शतकातील चर्च पाडले गेले.

४/ माझ्या मते, आजचा फोरम जितका प्राचीन रोमनांचा, तितकाच उत्खनकांच्या निवडीचा आहे. मधली हजारएक वर्षे बव्हंशी ‘ढिगारा’ ठरली. थर एकदाच वाचता येतो. तो नोंदीविना फेकला, तर पुढच्या संशोधकाच्या हाती प्रश्नच उरतो, पुरावा नाही.

५/ म्हणून अवशेषांपुढे उभे राहताना ‘काय उरले?’ याबरोबरच ‘काय काढून टाकले?’ हेही विचारले पाहिजे.