अहिराणीला व्याकरण आहे

धुळे-जळगावकडे एक मत पिढ्यान्‌पिढ्या चालत आलं आहे. अहिराणी म्हणजे बिघडलेली मराठी, तिला व्याकरण नाही, ऐकणारा प्रसंग पाहून अर्थ लावून घेतो. हे मत समूळ चुकीचं आहे.

आधी वाक्यरचना पाहू. 'तो जास', 'ती जास'. प्रमाण मराठीत 'जातो' की 'जाते' हे ठरवावंच लागतं. अहिराणीचं हे रूप लिंग बघत नाही. हा गबाळेपणा म्हणावा, तर क्रिया चालू असताना तीच भाषा 'तो जाई ऱ्हायना', 'ती जाई ऱ्हायनी' असा भेद काटेकोर पाळते. शाळेची पायरी न चढलेली आजीही इथे चुकत नाही. हा नियम नव्हे तर काय? भाषाशास्त्रज्ञ जॉर्ज ग्रिअर्सनने १९०७ साली आपल्या भाषा-सर्वेक्षणात खानदेशीची (अहिराणी तिच्यातच मोडते) मांडणी मराठीच्या खंडात केली नाही, भिल्ली भाषांसोबत केली. त्या वर्गीकरणावर वाद घालता येईल. पण तिची विभक्ती आणि काळ त्याला स्वतंत्रपणे नोंदवावे लागले.

शब्दार्थाचंही तसंच. पुण्यात 'त्याचा वावर मोठा' म्हटलं की माणसाची ऊठबस डोळ्यांपुढे येते. खानदेशात 'त्यानं वावर मोठं शे' म्हणजे त्याची शेती मोठी. अर्थ नुसत्या शब्दात नाही, लिंगाच्या जुळणीतही आहे.

आता प्रसंगाचा आक्षेप. 'वावरमा जास' एवढंच म्हटलं तर कोण जातो, हे क्रियापद सांगत नाही. मी, तू, तो, तिन्हींना रूप एकच. बोलणारा कोणाकडे पाहतो आहे, यावरून ते कळतं. पण म्हणून व्याकरण नाही, असं कसं? संस्कृत शास्त्रकारांचं जुनं उदाहरण आहे: 'सैंधव आण' असं जेवताना म्हटलं तर मीठ आणायचं, प्रवासाला निघताना म्हटलं तर घोडा. त्यांनी याला तात्पर्य म्हटलं आणि आकांक्षा, योग्यता, संनिधी या वाक्याचा अर्थ कळण्याच्या अटींच्या जोडीला बसवलं. तत्त्वज्ञ चार्ल्स मॉरिसने १९३८ साली भाषेच्या अभ्यासाची रचना, अर्थ आणि वापर अशी विभागणी मांडली; प्रसंग यातल्या वापरात येतो. सैंधवाला प्रसंग लागतो म्हणून संस्कृतला व्याकरण नाही, असं कोणी म्हटलं नाही. मग अहिराणीलाच वेगळा न्याय का?

बोली काळजातून येते, तिला नियम कशाला, असं म्हणणाऱ्या अहिराणीप्रेमींशीही माझं भांडण आहे. या लाडाने तिचं व्याकरण नाकारणाऱ्यांच्याच हाती कोलीत मिळतं.

जनगणनेत खानदेशी बोलणारे २००१ मध्ये २० लाखांवर होते. २०११ मध्ये तो आकडा १८ लाखांवर आला. ही घसरण थांबवायची तर सुरुवात वर्गातून व्हायला हवी. गुरुजी, पोराने 'मी जास' लिहिलं तर लाल रेघ मारून थांबू नका. फळ्यावर 'मी जास' आणि 'मी जातो' शेजारी लिहा, आणि दोन्हींचा नियम त्यालाच शोधायला सांगा.