‘कोर्टाचा स्टे आहे’ म्हणजे कॉलेजला मान्यता आहे का?

बारावीचा निकाल लागला की आपल्या मोहल्ल्यांत फार्मसी आणि इंजिनिअरिंग कॉलेजांची माणसं फिरू लागतात. “मान्यतेचं टेन्शन घेऊ नका, हायकोर्टातून स्टे आहे,” असं सांगितलं जातं. कोर्टाचं नाव आलं की घरातली मोठी माणसं निश्चिंत होतात आणि फीचा पहिला हप्ता भरला जातो. आमचं म्हणणं एवढंच की स्टे म्हणजे मान्यता नव्हे.

कोर्ट कॉलेजची लॅब बघायला जात नाही. मान्यता नाकारणाऱ्या परिषदेला तसा अधिकार होता का, तिने नियम पाळले का, कॉलेजचं म्हणणं ऐकून कारण दिलं का, हे ते तपासतं. परिषदेचा आदेश रद्द झाला, तरी बहुतेक वेळा अर्ज पुन्हा तिच्याकडेच जातो. शिक्षक किती, जागा किती, हे परिषदच ठरवते.

फार्मसीचं उदाहरण घ्या. 2019 मध्ये फार्मसी कौन्सिल ऑफ इंडियाने नवीन फार्मसी कॉलेजांवर पाच वर्षांची बंदी घातली. कॉलेजं वाढत चालली होती, त्यामुळे चिंता खोटी नव्हती. पण बंदी घातली ती नुसत्या ठरावाने. कर्नाटक, दिल्ली आणि छत्तीसगड हायकोर्टांनी ती उडवली आणि सप्टेंबर 2022 मध्ये सुप्रीम कोर्टानेही तेच कायम ठेवलं. शिक्षणसंस्था काढण्याचा हक्क घटनेने दिलाय, त्यावर बंधन घालायचं तर कायद्याने घाला, असं कोर्ट म्हणालं. कॉलेजांच्या बेसुमार वाढीला आळा घालण्याची गरज असू शकते, हेही त्याच निकालात आहे. पण बाजारात निकालाचा पहिला अर्धाच भाग पोहोचला. या निकालाने अर्ज करण्याची वाट मोकळी झाली, कोणत्याही कॉलेजला आपोआप मान्यता मिळाली नाही.

मान्यता नेमकी कोणाची, हाही घोळ होता. एआयसीटीई म्हणे आमची, फार्मसी कौन्सिल म्हणे आमची. 2020 मध्ये विदर्भातल्या एका फार्मसी संस्थेच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलं की फार्मसीच्या बाबतीत 1948 च्या फार्मसी कायद्याखालची कौन्सिलच अंतिम. म्हणून डी.फार्म किंवा बी.फार्मसाठी कोणी फक्त एआयसीटीईचं पत्र दाखवलं, तर ते पुरत नाही. कौन्सिलची मान्यता नसलेल्या कोर्सवर राज्याच्या फार्मसी कौन्सिलमध्ये नोंदणी होत नाही, आणि नोंदणी नाही तर मेडिकल स्टोअरवर फार्मासिस्ट म्हणून नाव लागत नाही. मग तीन-चार वर्षं आणि लाखो रुपये कशासाठी घातले?

हे भीती दाखवण्यासाठी लिहीत नाही. नोव्हेंबर 2017 मध्ये सुप्रीम कोर्टाने काही अभिमत विद्यापीठांच्या पत्रव्यवहाराने दिलेल्या इंजिनिअरिंग पदव्यांचा निकाल दिला. एआयसीटीईची परवानगी नव्हती. 2001 ते 2005 दरम्यान प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या स्थगित करून त्यांना एआयसीटीईची परीक्षा द्यायला लावली. त्यानंतरच्या बॅचच्या पदव्या थेट रद्द. फी परत करायचा आदेश झाला, पण वर्षं कोण परत करणार? त्यात नोकरीला लागलेले, प्रमोशन मिळालेले लोकही होते.

अंतरिम आदेशात बहुधा एक ओळ असते: प्रवेश ‘अंतिम निकालाच्या अधीन’ राहतील. ती ओळ संस्थेचा वकील वाचतो, पालक वाचत नाहीत. निकाल उलटा लागला तर संस्था पुढच्या वर्षी पुन्हा अर्ज करू शकते. मुलीचं वर्ष मात्र गेलेलं असतं.

आता आपल्या घरातला प्रश्न. “आमची अल्पसंख्याक संस्था आहे, आम्हाला कलम 30 चं संरक्षण आहे,” असंही ऐकू येतं. हक्क आहे, आणि तो जपलाच पाहिजे. पण 2002 च्या टी. एम. ए. पै खटल्यात 11 न्यायाधीशांच्या पीठाने हेही सांगितलं की शिक्षणाचा दर्जा राखण्यासाठीचे नियम अल्पसंख्याक संस्थांनाही लागू आहेत. आपल्या समाजाच्या चांगल्या संस्था ते नियम पाळूनच उभ्या आहेत. ‘आपलंच कॉलेज आहे’ म्हणून कागद न बघणं हा त्यांच्यावरही अन्याय आहे.

तेव्हा प्रवेशाआधी मान्यतेचं पत्र मागा. त्यावर याच शैक्षणिक वर्षाचा, याच कोर्सचा, याच पत्त्याचा आणि किती जागांचा उल्लेख आहे ते वाचा. फार्मसी कौन्सिलच्या वेबसाइटवर नाव शोधा. डी.फार्म असेल तर तंत्रशिक्षण मंडळाची, बी.फार्म असेल तर विद्यापीठाची संलग्नता बघा. सरकारी प्रवेशफेरीच्या यादीत कॉलेज आहे का, तेही पाहा. आणि स्टे दाखवला तर आदेशाची पूर्ण प्रत मागून घ्या, ओळखीच्या वकिलाकडून वाचून घ्या. प्रत द्यायला का-कू केली तर फी भरू नका.